गोगलगाईचं शतक

४ मार्च

आत्याआजी,

वाकून नमस्कार. आता वाकलोच आहे तर कबुलीही देऊन टाकतो. पत्र टाळलं. रोज सकाळी ठरवायचो की आज लिहायचं, आणि रोज संध्याकाळी वाटायचं की एवढा उशीर झालाच आहे तर अजून एक दिवस काय वाईट. तू बजावलं होतंस, "पोचलास की त्याच दिवशी लिही." तर बाई, मी पोचलोच अकरा दिवस उशिरा.

झालं असं की वाटेत बस बदलायची होती. स्टँडसमोर एक सायकलवाला चाक ताणत होता. चाक फिरवायचं, कान लावायचा, आणि कुठली तार सैल आहे ते नुसत्या आवाजावरून ओळखायचं! मी पाच मिनिटं बघत उभा राहिलो. मग तो म्हणाला, "बघतोस काय, धर." धरलं, आणि अकरा दिवस धरूनच होतो. आता मलाही सैल तार ऐकू येते. घरी आलो की तुझ्या शिवणयंत्राचं चाक बघतो, ते नक्की डावीकडे ओढतंय.

बरं, मुद्दा. मुद्दा! मी मैदानावर आहे. अगदी त्याच, जिथं अठ्ठेचाळीस वर्षांपूर्वी युद्धात आजोबांचे भाऊ, डॉक्टरआजोबा गेले. इथले माळीकाका एकटेच राहतात. नळी धरायला आणि चुना मारायला माणूस हवाच होता, त्यामुळं पॅव्हेलियनच्या वरची खोली मला मिळाली. बॅटी, जाळ्या, तुटके स्टंप आणि मी. खिडकीतून सगळं मैदान दिसतं, फाटकापर्यंत. फाटकाशी एक जुना लोखंडी रोलर उभा आहे. त्यावर बसून हे लिहितोय आणि बसता येत नाहीये, कारण त्याच्या एका बाजूला खळगेच खळगे आहेत, देवी आल्यासारखे. माळीकाकांना म्हटलं, "हा भंगारात का देत नाही?" ते म्हणाले, "खेळपट्टीवर फिरवला तर उंचवटे उठतात, म्हणून वापरत नाही. पण द्यायचा नाही असं माझ्या आधीचा माळी सांगून गेलाय, आणि त्याला त्याच्या आधीचा."

आता खरी बातमी, नीट धरून बस. तू ट्रंकेतून काढून दिलेली धावांची वही मी काल पानन् पान वाचली. पहिली अर्धी वही आजोबांच्या अक्षरात. क्लबचे सामने, प्रत्येक पानाखाली कप्तान म्हणून त्यांची ती शेपटीवाली सही. मग चार कोरी पानं. मग डॉक्टरआजोबांचं अक्षर, मधेमधे आणखी कुणाचं तरी, तारखा युद्धाच्या. आणि आत्याआजी, काय फलंदाजी आहे! एकही भोपळा नाही! सत्त्याण्णवच्या खाली कुणी येतच नाही! सुतार एकशे चार, टांगेवाला एकशे दोन, मास्तर एकशे एक. नावं नाहीत, नुसते धंदे. स्वयंपाकी तर पहिल्या दिवशी एकशे चार, दुसऱ्या दिवशी एकशे दोन, मग नव्व्याण्णव, मग अठ्ठ्याण्णव. त्याचा फॉर्म ढासळत गेला बिचाऱ्याचा. आणि "कसा बाद" या रकान्यात काय लिहिलंय? "घरी." अठ्ठ्याण्णव काढले आणि घरी गेला! शतकाला दोन धावा हव्यात आणि हा निघाला! असे बावीस जण मोजले. सगळे अठ्ठ्याण्णववर घरी. इतकी भित्री माणसं मी कुठं पाहिली नाहीत.

शेवटच्या पानावर अकरा नावं, आणि अकरावं "गोगलगाय, १०३". आजोबांच्या पानांत डॉक्टरआजोबांच्या नावापुढं कंसात हेच लिहिलंय, म्हणजे हे तेच. खाली सहीची जागा कोरी.

म्हणजे त्यांनी शतक काढलं होतं! त्यांच्या शेवटच्या दिवशी! हे तू मला कधी का सांगितलं नाहीस?

तुझा,
भिंगरी

--

९ मार्च

भिंगरी,

आशीर्वाद मागाहून. आधी कान पुढे कर.

अकरा दिवस सायकलच्या दुकानात! तुझं भिंगरी हे नाव मीच ठेवलं, त्याची मला लाज वाटायला लागलीये. माझ्या यंत्राचं चाक गेली तीस वर्षं डावीकडेच ओढतं, आणि मीही कापड तसंच धरते. त्याला हात लावायचा नाही.

तू विचारलंस का सांगितलं नाही. सांगते. फोनवर सांगता येत नाही, कारण फोन दादाच्या खोलीत आहे, आणि तुझ्या आजोबाला ब्याऐंशीव्या वर्षी बाकी काही ऐकू येत नसलं तरी तेवढं येतं.

दादा कप्तान होता आणि भाऊ, म्हणजे तुझे डॉक्टरआजोबा, त्याच्या संघात. भाऊ फलंदाजीला गेला की लोक डबे उघडायचे. दोन तासांत अकरा धावा. गोगलगाय हे नाव दादानंच ठेवलं, सगळ्या मैदानासमोर ओरडून. भाऊ हसायचा. म्हणायचा, "चेंडू आणि पेशंट, दोघांकडे घाईनं बघायचं नाही." क्षेत्ररक्षणाला तो कायम सीमारेषेवर. का, तर तिथं पेशंट येऊन बसायचे. दोन षटकांच्या मधे हा वाकून त्यांच्या जिभा बघायचा. एकदा एकाची नाडी धरून उभा असताना चेंडू पायाखालून गेला, सामना गेला, आणि दादा त्याच्याशी आठ दिवस बोलला नाही. भाऊनं उभ्या जन्मात शतक काढलं नाही. सर्वांत जास्त एकसष्ट, तेही पायचीतचं अपील पंचांनी तीनदा फेटाळलं म्हणून. त्याची पांढरी विजार मी शिवायची. गुडघ्यावर दुहेरी कापड लावायची, कारण तो जिभा बघायला गुडघे टेकायचा.

युद्ध सुरू झालं तेव्हा कॉलेजात शिकवायची जागा त्याला मिळत होती. दादा म्हणाला, "घे आणि गप बस." तो ऐकतोय कशाला. जाताना दादाच्या पिशवीतून क्लबची वही मात्र घेऊन गेला, न विचारता. दादा आठवडाभर घर उलथंपालथं करत होता.

ती वही परत आली ती भाऊच्या कपड्यांबरोबर. वर चिठ्ठी होती, "क्रिकेटच्या मैदानावर सापडली." पत्र नाही, काही नाही. दादानं शेवटचं पान उघडलं. ज्या दिवशी ते गाव तोफांनी भाजून काढलं त्या दिवसाची तारीख, अकरा नावं, आणि भाऊचं शतक. दादानं वही मिटली. म्हणाला, "माणसं मरत होती आणि हा खेळत होता." त्या दिवसापासून गोगलगाय हा शब्द या घरात कुणी उच्चारला नाही. पुढं कॉलेजनं युद्धात काम करताना गेलेल्या डॉक्टरांची नावं दगडात कोरायचं ठरवलं, तेव्हा दादानं स्वतः लिहून कळवलं की माझ्या भावाचं नाव घालू नका, तो खेळताना मेला.

आता दगड नवा बसतोय. तिथला कारकून भला माणूस आहे. त्यानं कळवलंय की ३१ मार्चला यादी बंद होते, आणि ज्यानं हरकत घेतली त्यानंच ती लेखी मागे घ्यायला हवी. मी दादासमोर कागद ठेवला. तो म्हणाला, "पुरावा आण." म्हणून तुला पाठवलं रे बाबा. फलंदाजीचं कौतुक करायला नाही. तो त्या दिवशी तिथं काय करत होता, हे सांगणारं एक माणूस शोध. एक! आणि रोज लिही.

एक गोष्ट मी कुणाला सांगितलेली नाही. ती वही दादाच्या खांद्यावरून मीही पाहिली होती. मी एकोणीस वर्षांची होते. भाऊ गेल्याचं कळून चार दिवस झाले होते, आणि ते पान बघून माझ्या मनात पहिलं काय आलं असेल? "अरे वा, निघालं एकदाचं शतक!" त्याची मला अजून शरम वाटते.

आत्याआजी

ता. क. लोकरीचा गळपट्टा घालतोस का?

--

१५ मार्च

आत्याआजी! आत्याआजी! आत्याआजी!

थांब, नीट लिहितो. अक्षर वाकडं जातंय. थोडं तापानं आणि थोडं… थांब.

गळपट्टा घातला नाही. तुझं पत्र आलं त्या दिवशी मी पेटून उठलो, आता माणूस शोधायचाच! माळीकाका म्हणाले, तलावापलीकडच्या वस्तीत जुनी माणसं आहेत. निघालो. वाटेत तलाव. पाणी असं निळं, की म्हटलं एक बुडी मारू. चार मारल्या. वस्तीत जुनं कुणी भेटलंच नाही, आणि दुसऱ्या दिवशी सकाळी मी असा फणफणलो की माळीकाकांनी मला हातगाडीवर घालून दवाखान्यात नेलं. चुन्याच्या गोणीशेजारी. दवाखान्यात पोचलो तेव्हा मी अर्धा पांढरा होतो. बाहेरच्या बाकावरची माणसं उठून उभी राहिली, त्यांना वाटलं आटोपलं याचं.

तिथं एक बाई आहेत. सगळे त्यांना मोठ्या बाई म्हणतात. निवृत्त होऊन दहा वर्षं झाली तरी सकाळी येतात, कारण घरी बसलं की गुडघे दुखतात म्हणे. त्यांनी माझ्या तोंडात थर्मामीटर खुपसलं, आणि म्हणाल्या, "बोलायचं नाही." मी बोलायला लागलो. त्या म्हणाल्या, "चावलास तर पारा गिळशील." मग काढलं, उजेडात धरलं, आणि टेबलावरच्या रजिस्टरात लिहिलं. मी वाकून बघितलं. मधे आडव्या रेघा, डावीकडे नाव, उजवीकडे आकडा.

१०२.

आत्याआजी, मी बाकावरून पडलो! खरंच पडलो! धावा नाहीत गं त्या! ताप आहे! सुताराला एकशे चार ताप! टांगेवाल्याला एकशे दोन! स्वयंपाक्याचा फॉर्म ढासळला नाही, ताप उतरला त्याचा! आणि अठ्ठ्याण्णव झाले की घरी! अठ्ठ्याण्णव म्हणजे बरा झाला, म्हणजे जा बाबा घरी! बावीस जण!

मी ओरडत सुटलो. मोठ्या बाईंना वाटलं ताप डोक्यात चढला, त्यांनी ओलं फडकं आणलं. मी म्हटलं, "फडकं नको, माझी पिशवी द्या." वही काढून त्यांच्यापुढं ठेवली.

त्यांनी वही उजेडात धरली. चष्मा काढला, पुसला, पुन्हा लावला. मग टांगेवाल्याच्या एकशे दोनवर बोट ठेवून म्हणाल्या, "हा दोन माझा आहे. डॉक्टर म्हणायचे, तुझा दोन बदकासारखा दिसतो."

त्या नर्स होत्या, वीस वर्षांच्या. मैदानावर तंबू ठोकले होते, तापाच्या पेशंटांसाठी. सामान येणारी गाडी जळाली आणि तिच्याबरोबर रजिस्टरंही. बाई रडकुंडीला आल्या, लिहायचं कशावर? डॉक्टरांनी पिशवीतून ही वही काढली. म्हणाले, "रेघा आखलेल्या आहेत, नावाला जागा आहे, आकड्याला जागा आहे, शेवटी काय झालं त्यालाही जागा आहे. रजिस्टराला आणखी काय लागतं?" माणसांची नावं विचारायलाही वेळ नसायचा, म्हणून नुसते धंदे. जे वाचले नाहीत त्यांच्यापुढचा रकाना ते कोराच ठेवत. बाईंनी एकदा विचारलं, इथं काय लिहू? तर म्हणाले, "बाद लिहायला मी पंच नाही."

आणि दर संध्याकाळी पान भरलं की खालची जागा मोकळी सोडायची. तिथं कप्तानाची सही लागते, आणि कप्तान घरी आहे. "युद्ध संपलं की दादाकडून सगळ्या एकदम घेऊ. आधी शिव्या देईल, मग करेल."

शेवटच्या पानावरचे एकशे तीन म्हणजे त्यांना स्वतःला ताप होता. चौथा दिवस. बाई म्हणाल्या, "झोपा." ते म्हणाले, "मला शेवटच्या नंबरावर लिही, मला घाई नाही." त्या दुपारी गोळे पडायला लागले. समोर शाळेचं तळघर आहे. दोघांनी मिळून एकेक करत नऊ जण तिकडं नेले. दहावा सुतार. बाई नवव्याला सोडून परत येत होत्या तेव्हा डॉक्टर सुताराला खांद्यावर घेऊन निघाले होते, आणि मैदान अर्धंसुद्धा ओलांडता आलं नाही. त्यांनी सुताराला रोलरच्या आड निजवलं. रोलरमागं जागा एकाचीच होती.

मी ज्यावर बसून तुला पत्र लिहीत होतो ना, तो.

सुतार वाचला. दहाही वाचले. बाईंना दहाही पाठ आहेत, कोण कधी घरी गेला ते तारखेसकट. पेटलेला तंबू ओढताना त्यांचे हात भाजले होते, म्हणून वहीबरोबर पत्र लिहिता आलं नाही. "मला वाटलं वही बोलेल," म्हणाल्या.

आत्याआजी, ती बोललीच होती. आपल्या घरात तिची भाषा फक्त क्रिकेटची समजली.

मी शंभरावर आलोय. अठ्ठ्याण्णव झाले की सोडणार आहेत.

भिंगरी

--

२१ मार्च

बाळा,

तुझं पत्र मी चारदा वाचलं. पहिल्यांदा उभ्यानं, मग बसून, मग यंत्र चालवत, कारण हातांना काहीतरी काम हवं होतं. एका झबल्याला तीन बाह्या लावल्या.

दादाला वाचून दाखवायची माझी हिंमत झाली नाही. त्याच्या चष्म्याच्या घराखाली ठेवून मी स्वयंपाकघरात जाऊन बसले. तासाभरानं बघते तर पत्र नाही. दादा जेवताना म्हणाला, मीठ कमी आहे. मीठ बरोबर होतं.

दुसऱ्या दिवशी सकाळी हाक मारली. "आपल्याकडं थर्मामीटर आहे का?" मी घाबरले, म्हटलं, बरं वाटत नाही का? तर म्हणे, "आहे का नाही तेवढं सांग." आणून दिलं. खिडकीशी उभा राहून त्यानं स्वतःच लावलं, स्वतःच वाचलं. किती तरी वेळ बघत होता. मग म्हणाला, "अठ्ठ्याण्णव. म्हणजे मला घरी सोडतील."

मला वाटलं, आता होईल सही. हरकत मागे घेतल्याचा कागद पुढं केला. त्यानं तो बाजूला सारला. म्हणाला, "आधी वही." म्हटलं, वही त्या पोराकडं आहे. "मग मागव. माझी वही आहे ती. मी डोळ्यांनी बघितल्याशिवाय कशावर सही करत नाही. एकदा नीट न बघता लिहून दिलं होतं." आणि दार लावून घेतलं.

शेवटचं वाक्य बोलताना त्याचा आवाज गेला होता, पण ते त्याला सांगू नकोस, आणि मला कळलं तेही सांगू नकोस.

दहा दिवस उरलेत. पत्र मिळताच वही रजिस्टर पोस्टानं पाठव. वाटेत कुठं सायकल, तलाव, माकडवाला, काही बघायचं नाही. त्या बाईंना माझा नमस्कार सांग. त्यांचे हात आता कसे आहेत?

आत्याआजी

ता. क. आपल्या वहीत शतक नाही म्हणून मला वाईट वाटायला हवं ना? वाटत नाहीये. त्या दिवशी आनंद झाला होता, त्याची शरमही आता वाटत नाहीये. कसं काय, तूच सांग.

--

२६ मार्च

आत्याआजी,

पत्र काल मिळालं आणि आज लिहितोय. नोंद कर, हा विक्रम आहे.

वही पाठवली नाही. ओरडू नकोस! मी पोस्टात गेलो होतो. दोरा, लाख, सगळं घेऊन. खिडकीपाशी माझा नंबर आला आणि मागून मोठ्या बाईंनी माझी कॉलर धरली. "ही वही पोस्टानं एकदा गेली होती," त्या म्हणाल्या. "काय झालं ते बघितलंस ना? आता माणसाबरोबर जाईल." त्यांचे हात बरे आहेत. कातडी ताणल्यासारखी दिसते, पण कॉलर उत्तम धरतात. तुझा नमस्कार सांगितला. त्या म्हणाल्या, "डॉक्टर म्हणायचे, बहिणीनं विजारीला गुडघ्यावर दुहेरी कापड लावलंय. तंबूत जमिनीवर पेशंट असायचे, त्यांची विजार शेवटपर्यंत फाटली नाही."

हे तुला आधी सांगायला हवं होतं, मधेच कॉलरचं सांगत बसलो.

तर ठरलं असं. उद्या सकाळच्या बसनं मी स्वतः निघतो. वही पोटाशी बांधून. बस बदलताना डोळे मिटून चालेन. परवा तुझ्यापुढं हजर. आजोबांनी बघितलं, सही केली की तो कागद मीच कॉलेजात देऊन येतो, एकतीसच्या आत. मोठ्या बाईंनी सगळी हकिगत लिहून दिलीये, चार पानं, खाली सही. मी म्हटलं, शेवटच्या पानावर दहा जणांपुढं "घरी" लिहून टाका ना, तुम्हाला तर पाठ आहे. त्यांनी पेन हातात घेतलं आणि परत ठेवलं. म्हणाल्या, "अकरावा रकाना उरतो रे. आणि वही ज्याची आहे त्याला विचारल्याशिवाय नाही."

माळीकाकांना सगळं कळल्यापासून ते रोलरला तेल लावतायत. चाकाला नाही हं, सगळ्या रोलरला. खळग्यांत बोट घालून घालून. मी म्हटलं, काका, गंज निघेल, पण खळगे…

थांब. फाटकाशी टॅक्सी थांबलीये.

इकडं टॅक्सी कधीच येत नाही. ड्रायव्हर उतरला, मागचं दार उघडलं, आता आतून काठी बाहेर आली, मग एक बूट. फारच सावकाश उतरतंय कुणीतरी. माळीकाका तेलाचं फडकं घेऊन पुढं गेलेत. त्या माणसानं त्यांना बाजूला केलं. रोलरपाशी थांबलाय. टोपी काढली. हात ठेवला रोलरवर, खळग्यांच्या बाजूनं.

आत्याआजी, ते आजोबा आहेत!

तू पाठवलंस? नाही ना? तुला न सांगताच आले, हो ना? कोपऱ्यावरच्या दुकानापलीकडं न जाणारा माणूस बस बदलून एवढ्या लांब आला! अगं, तू त्यांना शोधत असशील! म्हणून पत्र पुरं न करता हे असंच पेटीत टाकतोय, आणि माळीकाकांना तार करायला पिटाळतोय. ते इथं आहेत, ठीक आहेत, घाबरू नकोस.

मी खिडकीतूनच "आजोबा!" म्हणून ओरडलो. त्यांनी वर बघितलं. रागावलेत की काय ते इतक्या लांबून कळेना. खिशातून पेन काढलं, टोपण काढून काठीच्या हातात धरलं, आणि मैदानाच्या या टोकापर्यंत ऐकू येईल अशा आवाजात, कप्तानाच्या आवाजात, म्हणाले,

"भिंगरी! वही घेऊन खाली ये. गोगलगाईचं पान काढ. माझी सही राहिलीये."